बोअरचं ‘सरासरी’ पाणी नेमकं कुणाला लागतं?

प्रति,
मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या जिल्हा पानावर नुकतीच आमच्या तालुक्यातल्या एका गावाची बातमी आली. या हंगामात गावात मारलेल्या बोअरना ‘सरासरी तासाला ३००० लिटर’ पाणी लागलं, असा मथळा होता. बातमी खोटी नाही. त्या गावच्या बऱ्याच बोअरमध्ये सोडलेल्या मोटरी माझ्या दुकानातून गेल्या आहेत आणि सरासरीचा आकडा माझ्या वहीशी जुळतो. तरीही हे पत्र लिहायला बसलो, कारण तेव्हापासून लोक कात्रण खिशात घालून दुकानात येताहेत आणि बोअर मारायच्या आधीच मोटरीचा भाव विचारताहेत. ‘पेपरात तीन हजार लिटर आलंय मामा, मग पाच एचपीचीच टाकू ना?’

माझं केजला मोटर वाइंडिंगचं दुकान आहे. तरुणपणी अंबाजोगाईला संख्याशास्त्र घेऊन बीएस्सी केली, नोकरी लागली नाही (तो वेगळ्या पत्राचा विषय), आणि तांब्याची तार गुंडाळायला लागलो. शिकलेलं मात्र विसरलो नाही. मोटर द्यायची तर बोअरला पाणी किती, तळ किती फुटांवर, हे विचारावंच लागतं. ते वहीत लिहून ठेवायची सवय लागली, आणि वह्या साठत गेल्या.

धंद्यातली एक गोष्ट आधी सांगतो. सबमर्सिबल मोटर थंड राहते ती भोवतालच्या पाण्याने. बोअर देतो दोन हजार आणि मोटर ओढते पाच हजार, असं झालं की थोड्या वेळात पाणी मोटरच्या खाली उतरतं, मोटर कोरडी फिरते, आधी बुश जातो, मग वाइंडिंग. मग पाइपासकट सगळं वर काढा, ट्रॅक्टरवर टाका आणि माझ्याकडे आणा. म्हणजे सरासरीवर भरवसा ठेवणारं गिऱ्हाईक मला दोनदा पैसे देतं, एकदा मोटर घेताना आणि एकदा ती जळाल्यावर. गल्ल्यावर बसून बघितलं तर मी आपल्या बातमीदाराचे आभार मानायला हवेत.

आता आकड्यांकडे येतो. हिशोबाला सोपं जावं म्हणून वहीतले आकडे गोल करतो. ज्या बोअरना पाणी लागलं त्यांची सरासरी ३००० लिटर आणि प्रमाण विचलन (आकडे सरासरीभोवती किती पसरलेत त्याचं माप) ४००० लिटर धरू. विचलन सरासरीपेक्षा मोठं कसं, असं कुणी विचारेल. बोअरच्या बाबतीत त्यात नवल काही नाही. पुष्कळांना सहाशे, हजार, दीड हजार, आणि गावात एखादाच असा की उन्हाळ्यात त्याच्यापुढे टँकरची रांग लागते. तो एकटा सगळ्यांची सरासरी वर ओढून ठेवतो.

अशा आकड्यांना कॉलेजात शिकलेली घंटेच्या आकाराची वक्ररेषा, म्हणजे प्रसामान्य (इंग्रजीत नॉर्मल) वितरण, लावून बघा. शून्य लिटर हे सरासरीच्या पाऊण विचलन खाली येतं, आणि कोष्टक सांगतं की जवळजवळ २३ टक्के बोअर शून्याच्याही खाली असतील. म्हणजे शंभरातले तेवीस बोअर शेतकऱ्याच्या हौदातलंच पाणी आत ओढून घेणार! मराठवाड्यात बोअरनी भल्याभल्यांना कर्जात घातलं, पण इथवर मजल अजून कुठल्याच बोअरची गेलेली नाही.

वक्ररेषा चुकली, कारण पाणी कमीजास्त करणाऱ्या गोष्टींची इथे बेरीज होत नाही, गुणाकार होतो. आमच्या पायाखाली दख्खनचा बेसाल्ट आहे. वर मुरूम, त्याखाली मांजऱ्या (बारीक पोकळ्यांचा मऊ खडक), मग काळा पाषाण, मध्येच गेरूचा पट्टा, परत मांजऱ्या. पाषाणात पाणी फिरतं ते फटींतून, आणि फटीचा नियम फार कडक आहे: रुंदी दुप्पट झाली तर पाणी आठपट वाहतं, कारण प्रवाह रुंदीच्या घनावर चालतो. त्याला गुणा अशा फटी किती लागल्या, गुणा त्या एकमेकींना किती जोडलेल्या आहेत, गुणा वरचा मुरूम किती जाड आणि किती भिजलेला. यातली एक गोष्ट जरी निम्म्यावर आली तरी सगळं पाणी निम्म्यावर येतं. अशा ठिकाणी आकड्याचा लॉग (लॉगॅरिदम) घेतला की गुणाकाराची बेरीज होते, आणि पुष्कळ लहानमोठ्या कारणांची बेरीज झाली की ती घंटेचा आकार घेऊ लागते. थोडक्यात, पाणी नॉर्मल नसलं तरी पाण्याचा लॉग नॉर्मल असतो. म्हणून या वितरणाला लॉगनॉर्मल म्हणतात.

हे काही कालपरवाचं नाही. १८७९ साली लंडनच्या रॉयल सोसायटीपुढे फ्रान्सिस गॉल्टन यांनी हा प्रश्न मांडला आणि डोनाल्ड मॅकॲलिस्टर यांनी त्याचं गणित करून दिलं. पुढे १९४१ मध्ये रशियाच्या कोल्मोगोरोव्ह यांनी दाखवलं की कुटत कुटत बारीक होत जाणाऱ्या कणांचे आकारही याच वितरणाकडे झुकतात. खडी क्रशरवाल्या मंडळींनी हे वाचावं असं वाटतं, पण ती मंडळी पेपर भाव बघायला उघडतात.

सरासरी आणि विचलन हे दोन आकडे हातात असले की लॉगनॉर्मलची दोन प्राचलं, म्हणजे त्याचा आकार ठरवणारे आकडे, निघतात. पुस्तकात त्यांना म्यू आणि सिग्मा म्हणतात. म्यू म्हणजे लॉग घेतलेल्या आकड्यांची सरासरी, सिग्मा म्हणजे त्याच लॉगचं प्रमाण विचलन. आधी विचलनाला सरासरीने भागायचं: ४००० भागिले ३०००, चार तृतीयांश. त्याचा वर्ग सोळा नवमांश. त्यात एक मिळवला की पंचवीस नवमांश. याचा नैसर्गिक लॉग १.०२१७, आणि हा झाला सिग्माचा वर्ग, सिग्मा १.०१. आता सरासरीचा नैसर्गिक लॉग घ्या, ८.००६४, आणि त्यातून सिग्माच्या वर्गाचा निम्मा भाग, ०.५१०८, वजा करा. उरतात ७.४९५६. हा म्यू.

म्यू हा लॉगच आहे; तो उलटा फिरवला की १८०० लिटर येतात. लॉगटेबल न उघडताही हे जमतं. पंचवीस नवमांशाचं वर्गमूळ पाच तृतीयांश. तीन हजाराला पाच तृतीयांशाने भागा, अठराशेच येतील. (आकडे गोल करताना मी ३००० आणि ४००० हीच जोडी का धरली, ते चाणाक्ष वाचकाच्या लक्षात आलं असेल.) अठराशे हा मध्यक, म्हणजे निम्मे बोअर याच्या खाली आणि निम्मे वर. दहावीच्या पुस्तकात मध्य, मध्यक आणि बहुलक असे तिघे एकत्र शिकवतात, पण पेपरात येताना पहिलाच येतो. बहुलक तर याहून खाली, साडेसहाशे लिटरच्या आसपास. सगळ्यात जास्त दाटी तिथे. एकाच गावाचे हे तीन आकडे: तीन हजार, अठराशे, साडेसहाशे. मथळ्यात कुठला घालायचा हे संपादकांनी ठरवायचं, पण कर्ज काढणाऱ्याला तिन्ही कळायला हवेत.

प्राचलं निघाली की शेतकऱ्याच्या खऱ्या प्रश्नाचं उत्तर देता येतं. तो प्रश्न असा असतो: ‘हजाराच्या खाली जायची भीती किती?’ हजाराचा नैसर्गिक लॉग ६.९०७८. त्यातून म्यू वजा केला की उणे ०.५८७८. त्याला सिग्माने भागलं की उणे ०.५८. आता प्रसामान्य वितरणाचं साधं कोष्टक उघडा, जे संख्याशास्त्राच्या कुठल्याही पुस्तकाच्या शेवटच्या पानांत असतं. उत्तर २८ टक्के. तीन हजाराच्या वर जायची शक्यता याच रीतीने काढली तर ३१ टक्के येते. पाच हजाराच्या वर १६ टक्के. दहा हजाराच्या वर साडेचार टक्क्यांच्या आसपास.

एकतीस टक्क्यांचा आकडा पुन्हा वाचा. आपण छापलेली ‘सरासरी’ गाठणारे बोअर शंभरात एकतीस. उरलेले एकोणसत्तर शेतकरी घरी बसून म्हणतात की माझं नशीबच फुटकं, गावाला तीन हजार लागलं आणि मला नाही. नशिबाचा इथे काही संबंध नाही. लॉगनॉर्मलमध्ये सरासरीच्या खाली नेहमी अर्ध्याहून जास्त जण असतात, आणि विखुरणं जितकं मोठं तितके जास्त.

शेताच्या भाषेत बोलायचं तर एक एकरावर एक मिलिमीटर पाणी म्हणजे चार हजार लिटर. थ्री फेज लाइट आठ तास राहिली असं धरू (मनावर दगड ठेवून धरू). तीन हजारांचा बोअर आठ तासांत २४ हजार लिटर देतो, म्हणजे एकराला सहा मिलिमीटर. उन्हाळी पिकाची दिवसाची तहान जवळपास भागते. अठराशेचा बोअर साडेतीन मिलिमीटर देतो. हजाराचा दोन. सरासरीवर विसंबून ज्याने एकरभर उन्हाळी भुईमूग पेरला त्याचं पीक फुलोऱ्यात असतानाच हा फरक कळतो.

सगळं पाणी एकत्र मोजलं तर वाटणी किती वाकडी आहे तेही या दोन प्राचलांतून निघतं. खालच्या अर्ध्या बोअरांचं मिळून पाणी एकूण पाण्याच्या १६ टक्के भरतं. वरचे दहा टक्के बोअर एकटेच ३९ टक्के पाणी देतात. त्या दहा टक्क्यांतले लोक सहसा मोटरीचा भाव करत नाहीत, एवढं मी दुकानदार म्हणून सांगू शकतो.

इथपर्यंतचा हिशोब पाणी लागलेल्या बोअरचा होता. कोरडे कुठे गेले? शून्याचा लॉग नसतो, म्हणून लॉगनॉर्मलमध्ये कोरड्या बोअरला जागाच नाही. आणि गंमत अशी की माझ्या वहीतही त्याला जागा नाही: ज्याच्या बोअरमधून नुसता फुफाटा उडाला तो मोटर घ्यायला कशाला येईल? बातमीतल्या सरासरीतही कोरडे धरलेले दिसत नाहीत. तेव्हा कोरड्यांची मोजणी बोअर मारणाऱ्या गाडीवाल्यांकडे करावी लागते. त्यांना फुटावर पैसे मिळतात, पाणी लागो न लागो, त्यामुळे त्यांना लपवायचं काही कारण नसतं. समजा चारातला एक कोरडा जातो. मग नवीन बोअरला हजार लिटर तरी लागण्याची शक्यता म्हणजे आधी पाणी लागायची ७५ टक्के, गुणिले लागलं तर हजारावर जायची ७२ टक्के. उत्तर ५४ टक्के. तीन हजारावर जायची शक्यता तर २३ टक्केच राहते. बोअर, केसिंग, मोटर, केबल, पाइप, स्टार्टर धरून लाखाच्या घरात जाणारा खर्च, आणि यश जेमतेम छापा-काट्याएवढं. हे वाक्य मथळ्यात कधी वाचलेलं आठवत नाही.

दुसरा मारला तर? पहिला फसला की दुसरा मारायचा, दुसरा फसला की तिसरा, ही आपल्याकडची रीत आहे. कागदावर दोन बोअरमध्ये निदान एक हजारावर जाण्याची शक्यता ७९ टक्के येते, तिनात नव्वद. पण हा हिशोब दोन बोअर एकमेकांशी संबंध नसलेले धरतो, आणि एकाच बांधाच्या आत तसं नसतं. खालचा पाषाण तोच. पहिल्याला फट लागली नाही तर दोनशे फुटांवरच्या दुसऱ्यालाही न लागण्याकडेच कल असतो. म्हणून ७९ हा आकडा मी कुणाला तोंडी सांगत नाही. पाणाड्या नारळ हातात धरून याहून मोठे आकडे सांगतो, तो भाग वेगळा.

माझी पुतणी अंबाजोगाईत बीएस्सीला आहे. तिच्या वर्गात हेच गणित आलं होतं: सरासरी आणि विचलन दिलेलं, प्राचलं काढा आणि शक्यता सांगा. तिच्या मैत्रिणींनी सरळ दोन्ही आकड्यांचा लॉग घेतला. तीन हजाराचा लॉग ८.०१ म्हणून म्यू, चार हजाराचा लॉग ८.२९ म्हणून सिग्मा. पुतणीने विचारलं, ‘काका, लॉगनॉर्मल म्हटल्यावर दोघांचाही लॉगच घ्यायचा ना?’ मी म्हटलं, उत्तर तपासून बघ. या प्राचलांनी वीसातल्या एका बोअरला तासाला अडीच अब्ज लिटरहून जास्त पाणी लागेल. जायकवाडीचा उपयुक्त साठा २१७१ दलघमी (दशलक्ष घनमीटर). तसला एक बोअर नाथसागर छत्तीस दिवसांत काठोकाठ भरून देईल. नगर-नाशिकच्या धरणांतून पाणी सोडा म्हणून कोर्टात जायची गरजच संपली! पोरगी हसली, पण तेव्हापासून उत्तर आलं की आधी ते शेतात नेऊन बघते.

चुकण्याची आणखी एक जागा संगणकात आहे. एक्सेलमध्ये लॉगनॉर्मलचं सूत्र तयार मिळतं आणि ते ‘मीन’ विचारतं. लोक तिथे ३००० लिहितात. त्याला हवी असते लॉगची सरासरी, ७.४९५६. यंत्र चूक दाखवत नाही, मुकाट्याने भलताच आकडा देतं. मोबाइलच्या कॅल्क्युलेटरवर ‘लॉग’ आणि ‘एलएन’ अशा दोन कळा असतात, त्यातली नैसर्गिक लॉगची ‘एलएन’ दाबायची. आणि ज्याच्याकडे माझ्यासारखे मूळ आकडे वहीत आहेत त्याने सरासरी-विचलनाच्या वाटेने जाऊच नये. प्रत्येक बोअरच्या पाण्याचा लॉग घ्यावा, त्या लॉगची सरासरी आणि विचलन काढावं, काम झालं. सरासरीच्या वाटेने गेलं तर तो टँकरवाला एक बोअर सगळा हिशोब आपल्याकडे खेचतो; लॉग घेतल्यावर त्याचा जोर ओसरतो. पेपरात फक्त दोनच आकडे छापून येतात तेव्हा वरची पंचवीस नवमांशाची वाट धरावी.

आकडेच नसतील तरी मार्ग आहे. आमच्याकडे बोअरच्या गाडीवर हयात घालवलेले एक मामा आहेत. वही-पेन कधी हातात धरलं नाही. त्यांना विचारलं की ते दोन वाक्यांत सांगतात: ‘निम्म्या बोअरला अठराशेच्या वर न्हाई. धातला एखादा साडेसहा हजाराच्या पुढं.’ या दोन वाक्यांत दोन्ही प्राचलं आहेत. पहिल्यातून मध्यक, म्हणजे म्यू. दुसऱ्यासाठी साडेसहा हजाराला अठराशेने भागा, ३.६१, त्याचा लॉग १.२८४, प्रसामान्य कोष्टकात वरचे दहा टक्के १.२८ पासून सुरू होतात, तेव्हा १.२८४ भागिले १.२८, सिग्मा एक. माझ्या वहीतून काढलेला सिग्मा १.०१ होता. बातमीदाराने सरासरी विचारण्याऐवजी मामांसारख्या माणसाला हे दोन प्रश्न विचारले असते, तर बातमी जास्त खरी झाली असती.

इंचांचाही घोळ आहे. गावात पाणी लिटरमध्ये कुणी सांगत नाही, ‘दोन इंच लागलं’ असंच सांगतात. माझ्याकडे काटकोनी व्ही खाच कापलेली पत्र्याची पेटी आहे. खाचेतून पाणी सोडायचं आणि त्याची उंची मोजायची. एक इंच उंची म्हणजे तासाला पाचशे लिटर, दोन इंच म्हणजे जवळपास २९०० आणि तीन इंच म्हणजे आठ हजार. उंची दुप्पट झाली की पाणी साडेपाचपटीहून जास्त, कारण ते उंचीच्या अडीचाव्या घातावर चालतं. आता एक इंच आणि तीन इंच अशा दोन बोअरची सरासरी काढा. इंचात काढली तर दोन इंच, म्हणजे २९००. लिटरमध्ये काढली तर सव्वाचार हजार. बोअर तेच, पाणी तेच, सरासरी मात्र मोजपट्टीप्रमाणे बदलली! मध्यकाचं असं होत नाही. लिटरमध्ये मधोमध असलेला बोअर इंचातही मधोमधच राहतो. अठराशे लिटर म्हणजे साधारण एक इंच पाच सूत (आठ सुतांचा एक इंच). आणि लिटर लॉगनॉर्मल असतील तर इंचही लॉगनॉर्मलच असतात, फक्त सिग्माला अडीचने भागायचं. बातमीत ‘सरासरी’ लिहिताना ती इंचांची की लिटरची, एवढं तरी यायला हवं.

सरासरीवर माझा राग आहे असं समजू नये. पावसाळ्याच्या एकूण पावसाला ती चालते. तिथे विचलन सरासरीच्या पाव हिश्शाच्या आसपास धरलं तर मध्यक सरासरीपेक्षा तीनच टक्क्यांनी कमी येतो. मथळ्यात कुठलाही छापा, फारसं बिघडत नाही. विचलन सरासरीच्या बरोबरीला किंवा पुढे गेलं की मगच भांडण सुरू होतं. ज्या पाणीपुरवठा योजनेला दहा बोअरचं पाणी एकाच टाकीत सोडायचं आहे तिला सरासरीच हवी, कारण टाकीला कुठल्या बोअरने किती दिलं याच्याशी देणंघेणं नाही. अडचण एवढीच की शेतकरी दहा बोअर मारत नाही. तो एक मारतो, सोसायटीचं किंवा सावकाराचं घेऊन, आणि त्याला मिळतं ते त्या एकाच फटीतलं.

तेव्हा माझी मागणी लहान आहे. बोअर, विहिरी, शेतजमिनीचे भाव, शेतकऱ्याचं उत्पन्न अशा एका बाजूला लांब शेपूट असलेल्या गोष्टींची बातमी असेल तेव्हा सरासरीशेजारी मध्यकही छापावा. शंभरातले किती कोरडे गेले ते सांगावं. जमलं तर विचलन द्यावं. उरलेली गणितं आमच्या तालुक्यातली कॉलेजची पोरं करतील, त्यांना तेवढाच सराव होईल. आणि मोजणी कुठल्या महिन्यातली आहे ते विसरू नये. गाडी उभी असताना, बोअर मारल्याच्या दिवशी जे पाणी उसळतं त्यावर बातमी होते, पेढे वाटले जातात, मोटर घेतली जाते. मे महिन्यात त्याच बोअरचा आकडा वेगळा असतो, आणि जळालेल्या मोटरी माझ्याकडे मे महिन्यातच येतात.

आपल्या बातमीदाराला आकडे हवे असतील तर वह्या दुकानात आहेत, शेतकऱ्यांची नावं झाकून दाखवीन. या उन्हाळ्याची मोजणी अजून व्हायची आहे, म्हणून त्यांनी मृगाच्या आसपास यावं. आठवडी बाजाराच्या दिवशी गर्दी असते, तो दिवस सोडून.

आपला,
एक मोटर वाइंडिंगवाला,
केज, जि. बीड